किकायडरचं गाणं आणि ती बासरी

जपानी सुपरहिरोंची टायटल साँग्स म्हणजे नुसता आरडाओरडा, हिरोचं नाव दहा वेळा घ्यायचं आणि फायटिंगच्या मूव्हज मोजून दाखवायच्या, असं कुणी म्हटलं की मला खरंच राग येतो. अरे, १९७२ ची 'किकायडर' ही जपानी टीव्ही मालिका बघा ना एकदा, आणि गाणं स्किप न करता बघा!

तर हा तिचा हिरो जिरो. माणसासारखा दिसणारा यंत्रमानव, डॉ. कोम्योजींनी बनवलेला, पण त्याचं विवेकाचं सर्किट अर्धवट राहिलेलं. म्हणजे चांगलं-वाईट कळतं पण पूर्ण ताबा नाही. रूप बदलून किकायडर झाला की अर्धा लाल अर्धा निळा, डोक्याच्या एका बाजूला काचेतून आतली यंत्रं दिसतात, दोष अक्षरशः अंगावर घेऊन फिरतो बिचारा. आणि त्या दोषावर बोट ठेवते ती खलनायक प्रोफेसर गिलची बासरी. ती वाजली की जिरो डोकं धरून खाली कोसळतो, तडफडतो, आणि मग कसलातरी मोठा आवाज होऊन बासरी दबली की कुठे त्याला खांद्यावरची बटणं दाबता येतात, "चेंज! स्विच ऑन! वन टू थ्री!"

आता गाणं ऐका. सुरुवातच "स्विच ऑन, वन टू थ्री"ने होते!! म्हणजे गाणं नेमकं त्या क्षणाला सुरू होतं जेव्हा तो बासरीतून सुटलाय. शब्द स्वतः इशिनोमोरींचे, ज्यांनी हे पात्र निर्माण केलं, आणि चाल मिचिआकी वातानाबेंची, त्याच वर्षी माझिंगर झेड या रोबो-कार्टूनचं संगीत करणारे तेच. पहिल्या कडव्यात मनाबिनाचं काही नाही, अंगातून करंट धावतो, ठिणग्या उडतात, डबल चॉप हा त्याचा वार, बस. काहींना हे उथळ वाटतं, मला मात्र त्यातच सगळं दुःख दिसतं, कारण हे यंत्राचं गाणं आहे. माणूस म्हणून जिरोकडे जे आहे ते त्याच्या पाठीवरच्या गिटारमध्ये, एंट्रीला तो ती वाजवत येतो तेव्हा. गिलची बासरी, जिरोची गिटार आणि किकायडरचं गाणं, एकाच जिवावर तीन आवाजांची ओढाताण चाललीये, आणि मागे लहान मुलांचा कोरस त्याला जीव तोडून हाक मारतोय.

काल रात्री हेडफोन लावून परत ऐकलं. "स्विच ऑन" आलं आणि त्याच्या आधीची बासरी मला ऐकू आली, जी त्या रेकॉर्डिंगमध्ये नाहीच आहे.