आंबटाने पू होत नाही, थेंब बंद केल्याने डोळा धोक्यात येतो

जूनच्या तिसऱ्या आठवड्यात गोव्यात साखळी गावी आईकडे गेले, तेव्हा फ्रिजमध्ये आमसुलांच्या बरणीमागे एक लहान काचेची बाटली सापडली. आत पिवळसर, गढूळ काहीतरी होतं. विचारलं तर म्हणाली, पांढऱ्या कांद्याचा रस, आल्याचा रस, लिंबू आणि मध. डोळ्यात घालायला. तिच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन तेव्हा जेमतेम नऊ दिवस झाले होते. बाटलीतलं अजून घातलं नव्हतं, दुसऱ्या दिवसापासून सुरू करायचं ठरलं होतं. पण डॉक्टरांनी दिलेले थेंब मात्र तीन दिवसांपूर्वीच बंद झाले होते आणि डोळा लाल दिसत होता. "डोळो मातसो लासता," म्हणजे डोळा जरासा जळजळतो, एवढंच ती म्हणत होती.

हे सगळं पेडण्याच्या मामीच्या फोनवरून आलं. मामीला ते तिच्या भजनी मंडळाच्या ग्रुपवर मिळालं होतं. 'मोतीबिंदू ऑपरेशननंतरचे अकरा नियम, जे डॉक्टर सांगत नाहीत.' आईने ते पुढे दोन शेजारणींना पाठवलं. नंतर आठवडाभरात मला तोच मजकूर आणखी तीन ठिकाणांहून आला, म्हणून हे लिहिते आहे.

त्या अकरा नियमांचा सारांश असा: आंबट, मासे, अंडी, वांगं, दही चाळीस दिवस बंद, नाहीतर डोळ्यात पू होतो. कठीण काही चावायचं नाही. पावसाळ्यात ऑपरेशनच करायचं नाही. चाळीस दिवस टीव्ही, मोबाईल, वाचन नाही. डोक्यावरून अंघोळ नाही. थेंबांत स्टेरॉइड असतं म्हणून ते पाच दिवसांनी बंद करायचे आणि त्याऐवजी कांदा-आलं-लिंबू-मधाचं मिश्रण सकाळ-संध्याकाळ घालायचं. आणि रोज गाजराचा रस घ्यायचा, नाहीतर मोतीबिंदू परत येतो.

सगळ्यात आधी थेंब, कारण डोळा जाण्याची भीती या एका नियमात आहे.

ऑपरेशननंतर साधारण दोन-तीन प्रकारचे थेंब देतात. एक अँटिबायोटिक, जंतू वाढू नयेत म्हणून. एक स्टेरॉइड, बहुतेक वेळा प्रेडनिसोलोन, आतली सूज उतरावी म्हणून. कधी सोबत सुजेवरचं आणखी एक औषध असतं. स्टेरॉइडचे थेंब आधी दिवसातून बऱ्याच वेळा घालायचे आणि मग हळूहळू कमी करत चार ते सहा आठवड्यांत बंद करायचे, अशी रीत आहे. ते मध्येच तोडले तर दबलेली सूज उसळून वर येऊ शकते. आईच्या बाबतीत नेमकं हेच झालं. डॉक्टरांनी तपासलं, आत सूज आहे म्हणाले, आणि तेच थेंब पुन्हा पहिल्यापेक्षा जास्त वेळा घालायला सांगितले. डोळा निवळला, पण तोपर्यंत घरात कुणाला धड झोप लागली नाही.

आता अर्धसत्य. स्टेरॉइडचे थेंब डॉक्टरांना न विचारता महिनोन्‌महिने घालत राहिलं तर काहींच्या डोळ्यातला दाब वाढतो आणि त्यातून काचबिंदू होऊ शकतो. हे मी मान्य करते. पण म्हणूनच तर डॉक्टर ते कधी आणि कसे कमी करायचे ते लिहून देतात आणि तपासणीला पुन्हा बोलावतात. पाचव्या दिवशी आपल्या मनाने बंद करणं आणि फार्मसीतून आणून आपल्या मनाने चालू ठेवणं, या दोन्ही चुकाच आहेत.

आणि ते मिश्रण! लिंबाच्या रसाचा पीएच (हा आकडा जितका कमी तितकं आम्ल जास्त) दोन-अडीचच्या आसपास असतो, अश्रूंचा साधारण ७.४. म्हणजे निरोगी डोळ्यालाही हे आम्ल सोसत नाही. इथे तर बुबुळाच्या कडेला ताजी चीर आहे. मध निर्जंतुक नसतो, त्यात जिवाणूंचे बीजाणू असतात. कांदा आणि आलं मातीतून येतात, खिसले जातात घरच्या खिसणीवर, गाळले जातात घरच्या फडक्यातून. थेंबाची बाटली कंपनीत निर्जंतुक करून सीलबंद करतात आणि उघडल्यावर महिन्याभरात टाकून द्या असं तिच्यावर छापलेलं असतं. तिच्या जागी फ्रिजमध्ये आमसुलांशेजारी ठेवलेलं हे पाणी! 'झोंबलं तर समजा डोळा स्वच्छ होतोय' असंही त्या मजकुरात आहे. झोंबणं ही डोळ्याची तक्रार आहे. लिहिणाऱ्याने ते वाक्य लिहिताना एकदा तरी स्वतःच्या आईचा विचार करायला हवा होता. गुलाबपाणी, एरंडेल, तूप यांनाही माझं हेच उत्तर आहे: डॉक्टरांच्या चिठ्ठीवर नाही ते डोळ्यात नाही.

आता खाणं. 'आंबट खाल्लं की पू होतो' हे आपल्याकडे कान टोचण्यापासून बाळंतपणापर्यंत प्रत्येक जखमेला लावतात, त्यामुळे आईला ते लगेच पटलं. पू म्हणजे जंतू आणि त्यांच्याशी लढून मेलेल्या पांढऱ्या पेशी. जंतू नाहीत तर पू नाही. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर आत जाणारे जंतू बहुतेक वेळा रुग्णाच्याच पापण्यांच्या कडेवरचे असतात. म्हणून ऑपरेशनच्या आधी पोव्हिडोन आयोडीन या जंतुनाशकाने डोळा धुतात. युरोपातल्या २४ केंद्रांत सुमारे १६ हजार रुग्णांवर झालेला एक मोठा अभ्यास २००७ मध्ये प्रसिद्ध झाला. ऑपरेशनच्या शेवटी डोळ्याच्या आत सेफ्युरॉक्झिम हे अँटिबायोटिक सोडलं, तर संसर्गाचं प्रमाण जवळपास पाचपट कमी होतं असं त्यात दिसलं. पू थांबवायची वाट ही आहे. सोलकढीचा आणि तिचा काही संबंध नाही.

उलट जखम भरायला प्रथिनं लागतात आणि क जीवनसत्त्व लागतं. मासे, अंडी, डाळी, दही यांत प्रथिनं, लिंबू-पेरू-आवळ्यात क जीवनसत्त्व. नियम वाचल्यापासून आई पेज आणि मुगाच्या पाण्यावर होती. वय ७४. उठताना तोल जात होता. जून-जुलैत समुद्रात मासेमारी बंदी असते, मासे महाग होतात, हे खरं. पण खाडीतले मासे मिळतात, अंडी मिळतात. हुमणाऐवजी, म्हणजे माशांच्या कालवणाऐवजी, नुसतं पाणी पिऊन तिचा डोळा बरा होणार नव्हता.

यातही दोन गोष्टी मान्य करते, नाइलाजाने. मधुमेह असेल तर साखर ताब्यात हवीच, कारण वाढलेल्या साखरेने जखम उशिरा भरते आणि संसर्गाचा धोका वाढतो. मधुमेहाच्या गोळ्या आणि जेवणाच्या वेळा चुकवायच्या नाहीत. आणि बद्धकोष्ठ होऊ देऊ नये, कारण कुंथल्याने डोळ्यावर ताण येतो. पपई, पालेभाजी, भरपूर पाणी. कठीण न चावण्याचं म्हणाल तर पहिला दिवस मऊ खाल्लं तर बरं वाटतं, एवढंच.

मग हे चाळीस दिवस आले कुठून? माझ्या आजीच्या काळातून. तेव्हा बुबुळाच्या जवळजवळ अर्ध्या घेरापर्यंत चीर देऊन अख्खं भिंग बाहेर काढत, टाके घालत, आणि डोकं हलू नये म्हणून दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या लावून माणसाला उताणं निजवत. त्या डोळ्याला शिंक आणि खोकलाही खरोखर धोक्याचा होता. आता फेको पद्धतीत, म्हणजे भिंग आतच ध्वनिलहरींनी फोडून काढतात त्यात, चीर दोन-तीन मिलिमीटरची असते, बहुधा टाका लागत नाही. शिबिरांत होणाऱ्या लहान चिरेच्या पद्धतीत ती सहा-सात मिलिमीटरची असते, तीही सहसा बिनटाक्याचीच. आजीचे नियम आजीच्या जखमेसाठी बरोबर होते.

आजच्या जखमेसाठी काय पाळायचं, त्याची ब्रिटनच्या सरकारी आरोग्यसेवेने, एनएचएसने, सोपी यादी दिली आहे. मी ती मराठीत लिहून आईच्या स्वयंपाकघरात लावली आहे. पहिले दोन-तीन दिवस आराम. थेंब सांगितल्याप्रमाणे. रात्री झोपताना निदान आठवडाभर डोळ्यावर प्लास्टिकचं कवच. अंघोळ नेहमीसारखी चालेल, केस धुताना मात्र कवच लावायचं आणि साबण-शाम्पू डोळ्यात जाऊ द्यायचा नाही. डोळा चोळायचा नाही. जड व्यायाम नाही. काजळ आणि मेकअप निदान चार आठवडे नाही. पोहणं चार ते सहा आठवडे नाही. डॉक्टर हो म्हणेपर्यंत गाडी चालवायची नाही. वाचायला, टीव्ही बघायला परवानगी आहे. त्या बंद्यांत खाण्याचा एकही पदार्थ नाही.

म्हणजे अंघोळीच्या नियमात थोडं तथ्य होतं, कारण न उकळलेलं पाणी डोळ्यात जाऊ नये. विहिरीचं, नदीचं आणि देवळाच्या तळीचं तर नाहीच. मे महिन्यात सांधेदुखीसाठी समुद्रात न्हायला जाणाऱ्यांनी त्या वर्षी थांबावं. टीव्हीच्या नियमात काहीच नाही. चाळीस दिवस भिंतीकडे बघत बसल्याने आईचं मन मात्र खचलं असतं.

पावसाळ्याचा नियम मला वेगळ्या कारणाने संताप आणतो. आपल्याकडे पाऊस जूनपासून सप्टेंबरपर्यंत. ऑपरेशनची खोली निर्जंतुक ठेवलेली असते, बाहेर ऊन आहे की पाऊस याने आत फरक पडत नाही. पण धूसर डोळ्यांनी चार महिने शेवाळलेल्या पायऱ्या उतरणारं म्हातारं माणूस घसरलं आणि खुब्याचं हाड मोडलं, तर ते अंथरुणाला खिळतं. पावसात घ्यायची काळजी एवढीच की डोळ्यात पाणी उडू देऊ नये आणि घरात कुणाचे डोळे आले असतील तर त्याचा टॉवेल-उशी लांब ठेवावी.

गाजराचा रस प्यायला हरकत नाही, पण त्याने मोतीबिंदू थांबत नाही, कारण मोतीबिंदू म्हणजे डोळ्यातलं भिंग गढूळ होणं, आणि परत यायला तिथे ते जुनं भिंग उरलेलंच नसतं. नवं भिंग कृत्रिम आहे. पहिलं असं भिंग १९४९ मध्ये लंडनला हॅरॉल्ड रिडली यांनी बसवलं. युद्धातल्या वैमानिकांच्या डोळ्यात विमानाच्या प्लास्टिकच्या काचेचे तुकडे घुसले तरी डोळा त्यांना सोसतो, हे त्यांनी पाहिलं होतं. त्या भिंगावर गाजराचा किंवा आंबटाचा परिणाम होत नाही. 'परत आला' असं लोक म्हणतात ते बहुधा भिंगामागचं पातळ आवरण काही महिन्यांनी किंवा वर्षांनी धूसर होणं असतं. त्यावर लेसर आहे, काही मिनिटांचं काम.

थेंब घालण्याबद्दल त्या अकरा नियमांत एक ओळ नव्हती, म्हणून इथे. हात साबणाने धुवा. आई बसून घालायची तेव्हा अर्धं औषध गालावर जायचं, आता झोपून घालते. खालची पापणी ओढून झालेल्या खळग्यात एकच थेंब, बाटलीचं तोंड पापणीला न लावता. मग डोळा मिटून नाकाजवळचा कोपरा मिनिटभर हलका दाबायचा. दोन वेगवेगळ्या थेंबांत पाच-दहा मिनिटांचं अंतर ठेवायचं. एका बाटलीला मी लाल दोरा बांधला, दुसरीला पांढरा, आणि तक्त्यावर प्रत्येक वेळेसमोर खूण करायची.

आणि ही लक्षणं मामीच्या ग्रुपवरही मी पाठवली आहेत: दुखणं वाढत जाणं, लाली वाढणं, आधी दिसू लागलेलं पुन्हा कमी दिसणं, चिकट स्राव, डोळ्यासमोर लखलख किंवा पडदा आल्यासारखं होणं. यातलं एकही दिसलं तर त्याच दिवशी जिथे ऑपरेशन झालं तिथे जा, आणि तिथे कुणी भेटलं नाही तर थेट बांबोळीला गोमेकॉच्या, म्हणजे गोवा मेडिकल कॉलेजच्या, कॅज्युअल्टीत. संसर्ग असेल तर तासांनी फरक पडतो. आईचा लाल डोळा मी पाहिला तो रविवार होता. सोमवारी सकाळी जाऊ असं आधी मीच म्हटलं होतं. ते चुकीचं होतं. त्याच संध्याकाळी निघालो, कारण शेजारच्या काकांनी गाडी काढून दारात उभी केली.