सिग्वात म्हणे राजाच्या ताटाखालचं मांजर!

परत तेच फिरतंय, की आइसलँडचा अकराव्या शतकातला कवी सिग्वात थोर्दारसन म्हणजे नॉर्वेच्या ओलाफ राजाचा पगारी भाट, पैसे घेऊन खोटी स्तुती करायचा, राजा मेला तेव्हा गायब होता, आणि असल्या कवितांना इतिहास म्हणून काडीची किंमत नाही. अहो, जरा वाचा तरी आधी.

तोंडपुजेपणाचं बघू. 1035 ला ओलाफ राजाचा मुलगा माग्नुस गादीवर आला आणि बापाविरुद्ध लढलेल्यांवर सूड उगवायला लागला, शेतकरी भडकले, पण राजाला सांगणार कोण? सागा, म्हणजे जुनी आइसलँडी गद्यकथा, सांगते की जवळच्या माणसांनी चिठ्ठ्या टाकल्या आणि सिग्वातचं नाव निघालं. त्याने काय ऐकवलं माहितेय? प्रजेची गुरंढोरं कापायला तुला कोण चिथवतंय, स्वतःच्याच मुलखात लूट करणं राजाला शोभत नाही! हे थेट तोंडावर, आणि तेही यमकात बसवून. हे काव्य 'बेर्सोग्लिसव्हिसुर' म्हणजे रोखठोक बोलाच्या कविता म्हणूनच ओळखलं जातं. माग्नुसने ऐकलं, पुढे त्याला लोक 'भला माग्नुस' म्हणायला लागले.

गायब होता म्हणे. 1030 ला स्टिकलेस्टाडच्या लढाईत ओलाफ पडला तेव्हा हा रोमच्या यात्रेला गेलेला, परतीच्या वाटेवर बातमी कळली. एका गावात बायको गेली म्हणून एकजण छाती पिटून, कपडे फाडून रडत होता, ते बघून याने कविता केली की माझं नुकसान याच्यापेक्षा मोठं आहे. आता याला पळपुटा म्हणायचं असेल तर म्हणा बापडे.

खोटेपणाबद्दल तर 13व्या शतकातल्या स्नोरीनेच, म्हणजे या राजांचा इतिहास लिहिणाऱ्या आइसलँडी लेखकानेच, लिहून ठेवलंय, की राजासमोर त्याने न केलेले पराक्रम गायले तर ती स्तुती नाही, टिंगल होते, कारण ऐकणाऱ्या सगळ्यांना खरं माहीत असतं. वर छंद असा कडक, ओळीला साधारण 6 अक्षरं, अनुप्रास आणि आतलं यमक, एक शब्द बदलला की ठेच लागते, म्हणून तर तोंडीच राहूनही बरंच टिकलं. अर्थात कवी राजाच्या बाजूचाच, पराभव गुळगुळीत करणारच, तेवढी सूट मी देतो.

आणि पैशाचं? ओलाफचा वैरी क्नूट, इंग्लंड-डेन्मार्कचा राजा, त्याने विचारलं माझ्याकडे येतोस का. सिग्वात म्हणाला, एका वेळी एकच धनी. हां, पुढे क्नूटवरही त्याने एक स्तुतिकाव्य रचलं, त्यावरून टोमणा मारायचा तर जरूर मारा.