‘कॅमेरा खोटं बोलत नाही’? बोलतो ना भाऊ!

सध्या विदर्भातल्या ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय: ‘वीटभट्टीवर जा, मिरची तोडायला तेलंगणात निघालेल्या मजुरांना गाठा, मोबाइल काढा, शूट करा. कॅमेरा खोटं बोलत नाही. चेहरे दाखवा, हिंदीत बोलतं करा, व्हायरल झालं की न्याय मिळतो.’ हेतू चांगला आहे. पण याचा भुर्दंड मजुरालाच पडतो.

कॅमेरा पहिलं खोटं बोलतो ते रंगाबाबत. भर दुपारी भट्टीवर उभ्या माणसाच्या मागे पांढरंफटक आभाळ असतं. मोबाइल त्या आभाळाला धरून उजेड कमी करतो आणि सावळा चेहरा काळाठिक्कर पडतो, डोळेही दिसत नाहीत. नंतर एडिटिंगमध्ये उजेड वाढवला की चित्र फुटून गालांवर रवाळ ठिपके दिसतात. उलट कित्येक मोबाइलांत ब्यूटी मोड आधीच चालू असतो, तो सगळ्यांना गोरं करून टाकतो. हा रोग जुनाच. फिल्म बनवणाऱ्या कोडॅक कंपनीचं फोटोतले रंग जुळवायचं ‘शर्ली कार्ड’ म्हणजे नमुन्याचा फोटो, तो कित्येक वर्षं गोऱ्या बाईचाच होता. गडद छटा सुधारायला जोर आला तो लाकडी फर्निचर आणि चॉकलेटवाल्यांच्या तक्रारींमुळे, असं कोडॅकच्याच माणसांनी सांगून ठेवलंय. घ्या!

तर ब्यूटी मोड बंद करा. माणसाला कडुनिंबाच्या सावलीच्या कडेला, उजेडाकडे तोंड करून बसवा. चेहऱ्यावर उजेड परतवायला 3-4 फुटांवर पांढरं धोतर ताणून धरा. स्क्रीनवर दिसणाऱ्या चेहऱ्यावर बोट दाबून एक्स्पोजर, म्हणजे उजेडाचं माप, लॉक करा. सकाळी 9 च्या आत आटपा; मे महिन्यात त्यानंतर मोबाइल तापून बंद पडू शकतो. आणि कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर, फोमची टोपी घालून. नाहीतर वाऱ्याचा घरघराट तेवढा मिळेल.

हिंदीचा आग्रह तर सोडाच. मेळघाटातली कोरकू भाषा मुंडा कुळातली, गोंडी द्राविडी; हिंदीशी दोन्हींचं नातं नाही. मजूर आणणारा मुकादम मध्ये बसून हिंदी करून देतो तेव्हा ‘उचल (आगाऊ घेतलेले पैसे) फिटत नाही’ याचं ‘काम ठीक आहे’ होतं. बाईला तिच्या भाषेत बोलू द्या आणि भाषांतर मुकादमाशी संबंध नसलेल्या माणसाकडून करून घ्या. सबटायटल दोनच ओळींचं, पडद्यावर किमान 2 सेकंद.

चेहरे दाखवणं सगळ्यात महागात पडतं. उचल घेतलेला मजूर मालकाविरुद्ध बोलला की पुढच्या हंगामाचं काम गेलंच समजा. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही: आवाज, साडीचा काठ, ट्रॅक्टरचा नंबर, विटेवरचा छाप, सगळं ओळख सांगतं. ओळख लपवायची तर वर सांगितलेली चूक मुद्दाम करा. मागे आभाळ, पुढे काळी आकृती. आवाज दुसऱ्याकडून वदवा. लोकेशन टॅग शूटिंगआधीच बंद. मूळ फाइल डॉक्युमेंट म्हणून पाठवली तर तो सोबत जातो.

व्हायरल झाल्याने मजुरी वसूल होत नाही. तक्रारीला तारखा, भट्टीचा पत्ता, उचलीची रक्कम आणि हजार विटांमागे ठरलेला दर लागतो. हे वेगळ्या वहीत उतरवा, फिल्ममध्ये नको.

राहिली संमती. भट्टीवर मुकादमासमोर मिळालेला ‘हो’ कच्चा धरावा. मेळघाटातली माणसं होळीला गावी परततात. रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जोडणी, तेव्हा घरच्या ओट्यावर, त्यांच्या भाषेत समजावून दाखवा. तिथे कुणी ‘हे नको’ म्हटलं, तर तो शॉट टाइमलाइनवरूनच नाही, हार्ड डिस्कवरूनही काढायचा.