पडद्यावरच्या आजींचे पासबुक

‘शक्ती’ (१९८२) या चित्रपटात अमिताभ बच्चन यांच्या आईची भूमिका राखी यांनी केली. त्या त्यांच्याहून जवळजवळ पाच वर्षांनी लहान होत्या आणि अवघ्या सहा वर्षांपूर्वी ‘कभी कभी’मध्ये त्यांच्या नायिका होत्या. रोहिणी हट्टंगडी यांनी त्याच वर्षी, तिशीच्या आसपास असताना, ‘गांधी’मध्ये कस्तुरबा उतारवयापर्यंत साकारल्या. म्हातारपण दाखवायचे, पण त्यासाठी वय झालेली बाई नको, ही खोड अजूनही पुरती गेलेली नाही. ‘सांड की आँख’मध्ये (२०१९) साठी ओलांडलेल्या नेमबाज जावांच्या भूमिका तरुण नायिकांना मिळाल्या, तेव्हा नीना गुप्ता यांनी आपली नाराजी उघड बोलून दाखवली होती.

तरीही बरेच बदलले आहे, हे मान्य करायलाच हवे. ‘अग्गंबाई सासूबाई’ या मालिकेत निवेदिता सराफ यांची आसावरी आणि मूळचे नागपूरचे गिरीश ओक यांचे अभिजित राजे यांचे उतारवयातले लग्न घरोघरी जेवणाच्या वेळी पाहिले गेले, आणि आमच्या नागपूरच्या धरमपेठेतल्या कट्टर ज्येष्ठ मंडळींनीही नाके मुरडत का होईना, पण एकही भाग चुकवला नाही. सहा बहिणींची गोष्ट सांगणाऱ्या ‘बाईपण भारी देवा’ला (२०२३) तर बायका घोळक्याने गेल्या. आमच्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशी तो पाहून आल्या आणि त्यांनी एकच प्रश्न विचारला, “एवढ्या जणींले एकाच वेळी सुटी कशी भेटली व बाई?”

माझा आक्षेप नेमका इथेच आहे. पडद्यावरच्या वयस्क स्त्रीला आता इच्छा मिळाली, मैत्रिणी मिळाल्या, सहलीही मिळाल्या. पैसा मात्र मिळाला नाही. म्हणजे तो घरात असतो, पण कुणाच्या नावावर आहे, हे कुणी सांगत नाही. नोव्हेंबरात हयातीचा दाखला देण्यासाठी बँकेत रांगेत उभ्या असलेल्या निवृत्त शिक्षिका, पतीच्या पश्चात कुटुंब निवृत्तिवेतनावर घर चालवणाऱ्या आणि त्यातूनच मुलाच्या दुचाकीचा हप्ता भरणाऱ्या बायका, सीताबर्डीच्या फुटपाथवर सत्तरीतही भाजी विकणाऱ्या आजी, यांच्यावर मालिका निघत नाही. विदर्भातली म्हातारी पडद्यावर आलीच, तर बहुधा तिची बोली हसण्यासाठी येते. ‘गाभ्रीचा पाऊस’मध्ये (२००९) ज्योती सुभाष यांनी कापूस पिकवणाऱ्या घरातली म्हातारी आई उभी केली, ती मला म्हणूनच विसरता येत नाही; पण तो अपवाद.

एखाद्या निवृत्त मुख्याध्यापिकेने नागपूरच्या महाल भागातले राहते घर मुलांच्या नावावर करण्यास शांतपणे नकार दिला, एवढ्या एका गोष्टीवर दोनशे भाग सहज निघतील. भाऊबंदकी, वकील, सुना, शेजारपाजार, सगळा मालमसाला त्यात आहेच. अशी मालिका कुणी काढलीच, तर मी ती जाहिरातींसकट पाहीन.