टेप कापली होती हे खरं, पुढचं नाही

'जॉर्ज झिमरमन निर्दोष सुटला. म्हणजे ट्रेव्हॉन मार्टिनच्या मृत्यूशी वर्णाचा संबंध नव्हता, तो रंग मीडियानं दिला. एनबीसी वाहिनीनं कापलेली टेपच बघा. आणि "स्टँड युअर ग्राउंड" (धोका असेल तर मागे न हटता प्रतिकार करू देणारा) कायदा तर खटल्यात आलाच नाही.' अमेरिकेतल्या फ्लोरिडात २०१२ मध्ये झिमरमननं ट्रेव्हॉन या काळ्या मुलाला गोळी घातली; त्या खटल्याच्या २०१३ च्या निकालाबद्दल हे अजूनही छातीठोकपणे सांगितलं जातं.

टेपचा मुद्दा खरा आहे. २६ फेब्रुवारी २०१२ ला सॅनफर्डमध्ये झिमरमननं ट्रेव्हॉनबद्दल पोलिसांना फोन केला होता. एनबीसीनं दाखवलेल्या तुकड्यात 'याचं लक्षण ठीक दिसत नाही' या वाक्याला लागूनच 'काळा दिसतोय' येतं. मधला पोलिसांचा प्रश्न, काळा, गोरा की हिस्पॅनिक, गायब. ही बनवाबनवीच झाली. वाहिनीनं माफी मागितली, लोकांना कामावरून काढलंही.

पण ट्रेव्हॉनच्या आईवडिलांची तक्रार या टेपवर उभी नव्हती. सतरा वर्षांचा निःशस्त्र मुलगा गोळीनं मेला, मारणारा समोर होता आणि तरी अटक नाही, ही ती तक्रार. अटक झाली ११ एप्रिलला, तीही देशभर बोंब उठल्यावर. याच मीडियानं बातमी लावून धरली नसती तर खटला उभा राहिला असता का, याची मला शंका आहे.

आता निकाल. सहा महिलांच्या ज्युरीपुढे 'यात वर्णभेद होता का?' असा प्रश्नच नव्हता. स्वसंरक्षणाचा बचाव सरकारी पक्षानं निःसंशय खोडून काढला का, एवढंच ठरवायचं होतं. 'वांशिक प्रोफाइलिंग' (वंशावरून एखाद्याला संशयित धरणं) हे शब्द वापरायला तर न्यायाधीश डेब्रा नेल्सन यांनी सरकारी वकिलांना मनाई केली होती. नुसतं 'प्रोफाइलिंग' चालणार होतं. जे कोर्टात विचारलंच नाही, त्याचं उत्तर निकालात कसं सापडणार? निर्दोष ठरवणाऱ्या सहा जणींपैकीच एक पुढे एबीसी वाहिनीवर म्हणाली की झिमरमन खून करून सुटला, पण कायद्यानुसार त्याला दोषी ठरवता येत नव्हतं.

'स्टँड युअर ग्राउंड'खाली खटल्याआधीच सूट मागणारी सुनावणी बचाव पक्षानं घेतली नाही, इतपत बरोबर. मात्र सुरुवातीला अटक न करण्यामागे पोलिसांनी स्वसंरक्षणाच्या याच कायद्यांकडे बोट दाखवलं होतं. शिवाय ज्युरीला दिलेल्या लेखी सूचनांत 'मागे हटण्याचं बंधन नाही' हे वाक्य होतंच.

२०१५ मध्ये अमेरिकेच्या केंद्रीय न्याय खात्यानं नागरी हक्कांचा गुन्हा नोंदवला नाही, हाही पुरावा म्हणून पुढे केला जातो. त्या गुन्ह्याला हेतू सिद्ध करावा लागतो आणि तेवढा पुरावा हाती नाही, असं खात्यानं म्हटलं होतं.