ऑस्कर सहा वेळा हुकवायचंय? मग वाचाच

हिरॉईन कसं व्हायचं हे सांगणारे गल्लोगल्ली भेटतील. मी सांगतोय ते हिरॉईनच्या खोलीत कॉफीचा ट्रे घेऊन येणाऱ्या बाईचं करियर कसं करायचं ते, आणि त्यात गुरू एकच, जुन्या हॉलिवूडची सहाय्यक अभिनेत्री थेल्मा रिटर.

पहिलं म्हणजे घाई नको. 1902 साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये जन्म घ्या, अभिनय रीतसर शिका, नाटकं करा, मग लग्न, पोरंबाळं, मधे रेडिओ, आणि 45 वर्षांच्या झालात की पहिला सिनेमा. तोही कसा, तर 1947 च्या 'मिरॅकल ऑन थर्टी फोर्थ स्ट्रीट'मध्ये पोराचं खेळणं शोधून शोधून पाय दुखायला लागलेली आई, दोन मिनिटांचं काम. स्टुडिओचा साहेब झॅनक ते बघून खूश होणार, म्हणणार हिचं काम वाढवा. वाढवतात पण. फक्त पाट्यांमध्ये नाव टाकायचं राहून जातं, त्याचं एवढं मनावर घ्यायचं नाही.

आवाज घासलेल्या भांड्यासारखा खरखरीत ठेवा, उच्चार अस्सल ब्रुकलिनचे, आणि चेहरा असा की आत्ताच तीन जिने चढून आलीये. सुंदर दिसायचा प्रयत्न चुकूनही करू नका, त्यासाठी सेटवर दुसऱ्या बायका पगारावर असतात. 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये ती नटीची ड्रेसर, म्हणजे कपडे चढवून देणारी मदतनीस आहे, ईव्ह नावाच्या त्या गोडबोल्या पोरीचं खरं रूप सगळ्यात आधी हिच्याच लक्षात येतं, आणि बक्षीस काय, तर अर्ध्या सिनेमानंतर बाई गायब! कुठे गेली कोणी विचारत पण नाही. जास्त हुशार नोकराणी घरात ठेवत नाहीत, सिनेमातही नाही.

तर 1950 ते 1953, लागोपाठ चार वर्षं सहाय्यक अभिनेत्रीचं नॉमिनेशन. ड्रेसर झाली, मग सुनेने स्वयंपाकीण समजलं तर गप्प बसून सुनेच्याच घरी स्वयंपाक करणारी सासू झाली (हे वाचून आपल्याकडच्या कितीतरी सासवांना भोवळ येईल), मग नर्स, मग 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'मधली मो. ही मो म्हणजे टाय विकणारी, पोलिसांना खबरा विकणारी म्हातारी, सगळी धडपड कशासाठी तर बेवारशांच्या दफनभूमीत जायला नको, स्वतःची बरी जागा हवी म्हणून पैसे साठवतेय. शेवटी थकून पलंगावर बसलेली असते, समोर मारायला आलेला माणूस, आणि ती त्याच्याशी असं बोलते की... असो, उपरोधिक लेखात रडायचं नसतं. त्या वर्षी ऑस्कर डॉना रीडला.

पुढे 1959 ला 'पिलो टॉक'ची बेवडी मोलकरीण, 1962 ला तुरुंगातल्या कैद्याची आई. एकूण सहा. सहाव्या वेळी ऑस्कर नेलं पॅटी ड्यूकने, वय वर्षं 16. तुम्ही 61 च्या, टाळ्या जोरात वाजवा, कॅमेरा असतो.

मधे 1958 ला टोनी अवॉर्ड, म्हणजे नाटकांचं ऑस्कर, मिळून जाईल, म्युझिकलमधल्या सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं, सहाय्यक वगैरे नाही. पण तिथेही टाय, त्याच नाटकातल्या ग्वेन व्हर्डनबरोबर वाटून घ्या.

सगळ्यात भारी धडा 1954 चा. त्या वर्षी 'रिअर विंडो' आला, त्यात ती पाय मोडलेल्या जेम्स स्टुअर्टला मालिश करणारी नर्स, अख्ख्या सिनेमात अक्कल असलेलं माणूस बहुतेक तेच. त्या वर्षी नॉमिनेशनच नाही. पण ऑस्कर देणारी अकादमी तुम्हाला विसरत नाही हां, मार्च 1955 च्या, दोन शहरांत एकाच वेळी झालेल्या ऑस्कर सोहळ्यात हॉलिवूडमध्ये बॉब होप आणि न्यूयॉर्कच्या बाजूने सूत्रसंचालन कोणाकडे, तर थेल्मा रिटरकडे. 'रिअर विंडो'तली तिची जोडीदार ग्रेस केली दुसऱ्या सिनेमासाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली, आणि कार्यक्रम सुरळीत पार पडला.