रुपया पडला की बेदाणा चढतो?

रुपया घसरला की बेदाण्याच्या निर्यातीला फायदा, असं सांगणारा लेख वाचला. त्यात अर्थतज्ज्ञ दानी रॉड्रिक यांच्या 2008 च्या निबंधाचा आधार घेऊन म्हटलंय की चलन थोडं स्वस्त ठेवलं तर विकसनशील देशांची वाढ वेगाने होते. बरोबर. पण त्यांचा भर मुख्यतः कारखानदारीवर आहे, आणि स्वस्त चलन हा त्यांच्या लेखी दुय्यम उपाय आहे. ते लेखातून निसटलं.

मी तासगावचा, द्राक्षबागायतदार. रुपया घसरला की गावात म्हणतात, ‘आता एक्स्पोर्टवाल्यांची चांदी.’ चांदी होते, पण कुणाची? एका वर्षी व्यापाऱ्याने जानेवारीत चार किलोचा रेट ठरवला तो रुपयांत. माल उचलेपर्यंत डॉलर वर गेला, आमच्या रेटमध्ये दमडीची वाढ नाही. वर पोटॅश खत महागलं ते वेगळंच. पोटॅश आपण जवळजवळ सगळं बाहेरून आणतो. बेदाण्यासाठी घड बुडवायचं द्रावणसुद्धा पोटॅशियम कार्बोनेटचंच, तोही खर्च वाढला. म्हणजे घसरणीचा चटका आधी बेदाणा वाळवायच्या शेडवर, फायदा मात्र बंदराजवळच थांबलेला.

आणखी एक गंमत. रॉड्रिक मूळचे तुर्कस्तानचे, आणि तुर्कस्तान बेदाणा निर्यातीत जगात आघाडीवर. 2021 साली त्यांचं चलन, लिरा, डॉलरपुढे चाळीस टक्क्यांहून जास्त घसरलं. मग आपला रुपया दोन-चार टक्के उतरला म्हणून परदेशी गिऱ्हाईक आपल्याकडे का वळेल? लेखकाने फक्त डॉलरचा भाव धरलाय, स्पर्धकाच्या चलनाचा धरलाच नाही. पुढच्या भागात तेवढा हिशेब मांडावा.